महिना पंचवीस डॉलर : अल्बर्टाची १९३५ची निवडणूक आणि तिचे विधिमंडळ

२२ ऑगस्ट १९३५ रोजी कॅनडाच्या अल्बर्टा प्रांतात विधिमंडळाची निवडणूक झाली. ती ज्याने जिंकली, त्याचे नाव एकाही मतपत्रिकेवर नव्हते. विल्यम अ‍ॅबरहार्ट हे कॅलगरीतल्या क्रेसेंट हाइट्स हायस्कूलचे मुख्याध्यापक. रविवारी बायबलवर प्रवचने द्यायची आणि ती रेडिओवरून प्रांतभर ऐकवायची, हा त्यांचा दहा वर्षांचा शिरस्ता. उमेदवार म्हणून ते कुठेच उभे नव्हते. त्यांच्या 'सोशल क्रेडिट' पक्षाने मात्र ६३ पैकी ५६ जागा घेतल्या. लिबरल पक्षाला ५ आणि कॉन्झर्व्हेटिव्हांना २ जागा मिळाल्या. सलग चौदा वर्षे राज्य करणाऱ्या 'युनायटेड फार्मर्स ऑफ अल्बर्टा' या शेतकरी पक्षाला एकही नाही. मावळते मुख्यमंत्री रिचर्ड रीड पडले, त्यांचे सगळे मंत्रिमंडळ पडले. त्यांच्या आधीचे मुख्यमंत्री जॉन ब्राउनली यांना पोनोका मतदारसंघात ईडिथ रॉजर्स नावाच्या नवख्या बाईंनी हरवले.

बाहेरच्या जगाने या निकालाची थट्टाच केली. अल्बर्टाला वेड लागले आहे, अशा अर्थाचा मथळा बॉस्टनच्या एका वर्तमानपत्राने दिला. दुसऱ्या दिवशी सकाळी काही भाबडे मतदार पक्षाने महिन्याला देऊ केलेले आपले पंचवीस डॉलर घ्यायला कॅलगरीच्या नगरभवनासमोर उभे राहिल्याची हकिगत तर तिथल्या प्रत्येक इतिहासात येते. ती खरी असो वा रंगवलेली, मतदारांना मूर्ख ठरवून पुढे जाणे सोपे आहे, आणि चुकीचे आहे. त्या माणसांची अवस्था काय होती ते आधी पाहायला हवे.

अल्बर्टा हा गव्हाचा प्रांत. १९३१च्या जनगणनेत लोकवस्ती सव्वासात लाखांच्या वर, आणि तिचे सारे दैव पाऊस व गव्हाचा भाव या दोहोंवर. १९२९मध्ये बुशेलला डॉलरच्या वर असलेला गहू १९३२ संपता संपता चाळीस सेंटच्या खाली आला. प्रांताच्या दक्षिण भागात त्याच सुमारास पावसाने पाठ फिरवली आणि वरची माती वाऱ्याने उडून गेली. शेतकऱ्याने तेजीत ट्रॅक्टर घेतला होता, जमीन गहाण टाकली होती. भाव पडला तरी हप्ता तेवढाच राहिला. पेट्रोल परवडेना म्हणून लोकांनी मोटारीचे इंजिन काढून तिला घोडे जुंपले आणि त्या वाहनाला 'बेनेट बग्गी' असे नाव दिले. पंतप्रधान आर. बी. बेनेट हे कॅलगरीचेच खासदार, त्यामुळे हा टोला घरचा होता. लोकांना सगळ्यांत जास्त टोचणारी गोष्ट वेगळी होती. दुकानात माल होता, कोठारात धान्य होते, काम करायला हात होते. नव्हता तो फक्त पैसा. आणि पैसा टोरांटो-मॉन्ट्रियलच्या बँकांकडे होता.

शेतकरी पक्षाचे सरकार प्रामाणिक होते, पण थकले होते. ब्राउनली हे काटेकोर वकील. हिशेब जुळवणे हाच त्यांचा राज्यकारभार. १९३४मध्ये एका तरुण सरकारी कर्मचारी मुलीने व तिच्या वडिलांनी त्यांच्यावर फूस लावल्याचा दिवाणी दावा केला. ज्यूरीने निकाल वादींच्या बाजूने दिला. न्यायाधीशाने तो बाजूला सारला. पण ब्राउनलींना त्या जुलैतच जावे लागले. सार्वजनिक बांधकाममंत्र्यांच्या घटस्फोटाचे प्रकरणही त्याच काळात चव्हाट्यावर आले. गावोगावच्या धर्मनिष्ठ शेतकरी कुटुंबांना सरकार आता गरीबही वाटू लागले आणि पापीही.

याच कुटुंबांच्या बैठकीच्या खोलीत दर रविवारी अ‍ॅबरहार्टांचा आवाज येत असे. १९२५पासून सीएफसीएन या कॅलगरीच्या केंद्रावरून त्यांचे प्रवचन चाले. १९२७मध्ये त्यांनी 'प्रोफेटिक बायबल इन्स्टिट्यूट' उभारली. धिप्पाड देह, खणखणीत आवाज, आणि मास्तरकीत मुरलेली सवय : अवघड गोष्ट सोपी करून तीनदा सांगायची. १९३२च्या उन्हाळ्यात परीक्षेचे पेपर तपासायला ते एडमंटनला गेले असता एका सहकारी शिक्षकाने त्यांना मॉरिस कोलबर्न यांचे एक पुस्तक वाचायला दिले. त्यात ब्रिटिश इंजिनिअर मेजर सी. एच. डग्लस यांचा 'सोशल क्रेडिट' सिद्धान्त सोपा करून मांडला होता. मंदीने शाळेतल्या आपल्या मुलांचे हाल पाहिलेल्या मुख्याध्यापकाला तो पटला, आणि त्या शरद ऋतूपासून प्रवचनात बायबलच्या जोडीला अर्थशास्त्र आले.

सिद्धान्त असा. कारखाना जे पैसे बाहेर टाकतो त्याचे दोन भाग पाडा. एक भाग मजुरी, पगार, नफ्याचा वाटा असा थेट माणसांच्या हातात जातो. दुसरा कच्चा माल, यंत्रे, बँकेचे व्याज यांवर, म्हणजे दुसऱ्या संस्थांकडे जातो. मालाची किंमत मात्र दोन्हींच्या बेरजेइतकी ठेवावी लागते. लोकांच्या हातात फक्त पहिला भाग. मग सगळा माल विकत घ्यायला पैसा कुठून येणार? म्हणून ही तूट सरकारने नवी पत निर्माण करून भरावी आणि ती नागरिकांना लाभांश म्हणून वाटावी. यातली फट ओळखणे अवघड नाही : दुसऱ्या भागातला पैसाही शेवटी कुणाच्या तरी पगारातच उतरतो. पण १९३२मध्ये ही फट दाखवणाऱ्या अर्थतज्ज्ञांकडे मंदीवर दुसरा इलाजही नव्हता. लोकांनी त्यांचे का ऐकावे? अ‍ॅबरहार्टांनी लाभांशाला आकडा दिला. प्रत्येक प्रौढ माणसाला महिना २५ डॉलर. हा आकडा आपण केवळ उदाहरणादाखल घेतला, असे ते अधूनमधून म्हणत, पण श्रोत्यांच्या कानात आकडाच राहिला.

प्रचाराची रीतही नवी होती. रेडिओवर छोटी नाटके होऊ लागली. त्यांतला एक पाहुणा मंगळावरून आलेला. धान्याची कोठारे भरलेली असताना लोक उपाशी का, असा भोळा प्रश्न तो विचारी आणि पृथ्वीवरच्या शहाण्यांना उत्तर देता येत नसे. गावोगावी अभ्यासमंडळे निघाली. सुरुवातीला अ‍ॅबरहार्टांना पक्ष काढायचा नव्हता, कुठल्या तरी पक्षाने ही योजना उचलावी एवढेच त्यांचे मागणे होते. १९३४मध्ये डग्लस स्वतः अल्बर्टात येऊन विधिमंडळाच्या समितीपुढे बोलले. जानेवारी १९३५च्या अधिवेशनात शेतकरी पक्षाने अ‍ॅबरहार्टांचे म्हणणे ऐकून घेतले आणि योजना फेटाळली. त्या नकाराने शेतकरी पक्षाने स्वतःचाच घात केला, कारण त्याच्या शाखांमधली माणसे तोवर मनाने अ‍ॅबरहार्टांची झाली होती. अ‍ॅबरहार्टांनी सर्व ६३ जागा लढवायचे ठरवले. मतदारसंघाच्या मेळाव्याने तीन-चार नावे सुचवायची आणि त्यांतून अ‍ॅबरहार्ट व त्यांच्या सल्लागारांनी एक निवडायचे, अशी उमेदवारीची पद्धत. निवडून आलेला प्रत्येक जण त्यांचा ऋणी राहणार हे उघड होते. निदान तसे वाटले तरी होते.

मतांचा आकडा पाहिला तर पक्षाला ५४ टक्क्यांच्या आसपास मते होती; जागा जवळपास नव्वद टक्के. शहरात हे प्रमाण ढळले. कॅलगरी आणि एडमंटन ही प्रत्येकी सहा जागांची शहरे, आणि तिथे पसंतीक्रमाने मते देऊन प्रमाणात जागा वाटण्याची पद्धत होती. सात विरोधी आमदारांपैकी सहा या दोन शहरांतून आले. सभागृहात विरोधी पक्षाचा आवाज उरला तो या मतपद्धतीच्या कृपेने.

३ सप्टेंबरला अ‍ॅबरहार्टांचा शपथविधी झाला. त्यांच्यासाठी एका आमदाराने जागा रिकामी केली आणि नोव्हेंबरमध्ये ओकोटोक्स-हाय रिव्हर मतदारसंघातून ते बिनविरोध आले. बायबल इन्स्टिट्यूटचा पहिला पदवीधर अर्नेस्ट मॅनिंग वयाच्या सव्विसाव्या वर्षी मंत्री झाला. आमदारांमध्ये शिक्षक, शेतकरी, छोटे दुकानदार यांचा भरणा होता. अधिवेशनाचे कामकाज त्यांतल्या बहुतेकांनी कधी जवळून पाहिले नव्हते. अ‍ॅबरहार्टांनाही सभागृह फारसे रुचले नाही. ते तिथे क्वचितच बोलत. त्यांचे खरे सभागृह रविवारचा रेडिओच राहिले, आणि तिथे विरोधी बाक नसतो.

आता तिजोरी उघडली तर ती रिकामी. ओटावाच्या केंद्र सरकारकडे १.८ कोटी डॉलरच्या आसपास कर्ज मागितले, मिळाले साडेबावीस लाख. १ एप्रिल १९३६ला ३२ लाखांचे रोखे फेडायची मुदत आली आणि अल्बर्टाने हात वर केले. रोख्यांची परतफेड चुकवणारा तो कॅनडातला पहिला प्रांत. पुढे सरकारने आपल्या कर्जावरचे व्याजही निम्म्यावर आणले. सोशल क्रेडिटचा मात्र पत्ता नव्हता. ऑगस्टमध्ये 'समृद्धी प्रमाणपत्रे' निघाली : एक डॉलरची नोट, पण दर आठवड्याला तिच्या पाठीवर एक सेंटचे तिकीट चिकटवायचे, नाही तर ती चालणार नाही. नोट साठवू नये, खर्चून टाकावी, हा हेतू. रस्त्यांवर काम करणाऱ्यांना मजुरीत ती दिली. ठोक व्यापारी घेईनात, बँका घेईनात. लोकांनी तिला 'गमतीचा पैसा' म्हणायला सुरुवात केली आणि वर्षाच्या आत ती गुंडाळली गेली. ही कल्पना डग्लस यांची नव्हतीच; तिचा जनक जर्मन विचारवंत सिल्व्हिओ गेझेल. स्वतः डग्लस आणि अ‍ॅबरहार्ट यांचे तोवर पत्रोपत्री बिनसले होते.

या विधिमंडळाचा खरा रंग १९३७मध्ये दिसला. अ‍ॅबरहार्टांनी योजना राबवायला अठरा महिने मागून घेतले होते. मुदत संपली, आणि फेब्रुवारीअखेर त्यांनी रेडिओवर कबुली दिली की ते जमले नाही. मागच्या बाकांवरचे आमदार उसळले. त्यांना मतदारसंघात तोंड दाखवायचे होते, आणि तिथे विचारला जाणारा प्रश्न एकच होता : आमचे पंचवीस डॉलर कुठे आहेत? मार्चमध्ये नवे अर्थमंत्री सोलन लो यांनी अर्थसंकल्प मांडला. त्यात सोशल क्रेडिटचा मागमूस नव्हता. साधा, जुन्या वळणाचा अर्थसंकल्प. बंडखोरांनी तो अडवून धरला. ५६ आमदारांचे बहुमत असलेला मुख्यमंत्री आपल्याच लोकांपुढे हतबल झाला.

मला या बंडखोरांचे कौतुक वाटते. त्यांचे अर्थशास्त्र कच्चे असेल, पण निवडणुकीत दिलेला शब्द नेत्याने नाही तर आपण पाळायचा, एवढे त्यांना कळत होते, आणि त्यासाठी ज्याच्या बोटाने आपली उमेदवारी ठरली त्याच्यासमोर ते उभे राहिले. तडजोड अशी निघाली की पाच आमदारांचे 'सोशल क्रेडिट मंडळ' स्थापायचे. अध्यक्ष ग्लेनव्हिल मॅकलॅकलन. त्यांनी इंग्लंडला जाऊन डग्लस यांनाच आणावे. डग्लस आले नाहीत, त्यांनी एल. डेनिस बर्न आणि जी. एफ. पॉवेल ही आपली दोन माणसे पाठवली.

इथून पुढे लढाई संविधानाशी होती. कॅनडाच्या १८६७च्या कायद्याने बँका आणि चलन हे विषय पूर्णपणे केंद्राच्या हाती दिलेले आहेत. मतदारांनी ज्या कामासाठी हे विधिमंडळ निवडले, ते काम करायचा अधिकारच त्याला नव्हता. ब्राउनली हे निवडणुकीपूर्वी सांगत होते. रुक्ष वकिलाचे खरे बोलणे सभेत कोण ऐकतो!

ऑगस्ट १९३७च्या खास अधिवेशनात तीन कायदे घाईने संमत झाले. बँकांनी आणि त्यांच्या नोकरांनी प्रांताकडून परवाना घ्यावा. बिनपरवाना बँक-नोकराला न्यायालयात दाद मागता येऊ नये. आणि प्रांताच्या कायद्यांच्या वैधतेला मंत्रिमंडळाच्या परवानगीशिवाय न्यायालयात आव्हान देता येऊ नये. लेफ्टनंट गव्हर्नर जॉन बोवेन यांनी सही करण्यापूर्वी अ‍ॅटर्नी जनरल जॉन ह्यूगिल यांना अ‍ॅबरहार्टांच्या देखत विचारले, हे कायदे घटनेला धरून आहेत का? ह्यूगिल म्हणाले, नाहीत. जबाबदारी माझी, असे अ‍ॅबरहार्टांनी सांगितल्यावर बोवेन यांनी सही केली. ह्यूगिल यांचा राजीनामा मागून घेतला गेला आणि त्यांचे खाते मुख्यमंत्र्यांनी स्वतःकडे घेतले. सत्तेवरच्या माणसाच्या तोंडावर कायद्याचे खरे मत देणारा सरकारी वकील कुठल्याही देशात दुर्मीळ. ह्यूगिल यांचे नाव त्यांच्याच प्रांताबाहेर आज कुणाला माहीत नाही, याचे वाईट वाटते. ओटावात आता मॅकेन्झी किंग यांचे केंद्र सरकार होते. १७ ऑगस्टला त्यांनी तिन्ही कायदे रद्द केले.

अल्बर्टाचे सरकार मागे हटले नाही. सप्टेंबर-ऑक्टोबरच्या अधिवेशनात बँकांच्या परवान्याचा, म्हणजे पतनियमनाचा, कायदा शब्द बदलून पुन्हा आला, बँकांवर जबर कर लावणारे विधेयक आले, आणि तिसरे आले ते वर्तमानपत्रांसाठी. प्रांतातली जवळपास सगळी दैनिके सरकारच्या विरोधात होती. नव्या विधेयकानुसार सोशल क्रेडिट मंडळाचा अध्यक्ष सांगेल ते निवेदन वर्तमानपत्राने छापायचे, बातमी कुणी लिहिली आणि माहिती कुणाकडून मिळाली ते कळवायचे, नाही तर अंक बंद. विधेयकाच्या नावात 'अचूक बातमी' हे शब्द होते. या वेळी बोवेन यांनी सही केली नाही. तिन्ही विधेयके त्यांनी गव्हर्नर जनरलच्या विचारार्थ राखून ठेवली. राज्यपालाने विधेयक राष्ट्रपतींकडे पाठवण्याची आपल्या घटनेच्या दोनशेव्या कलमातली तरतूद याच ब्रिटिश वंशावळीतली आहे, त्यामुळे हा पेच मराठी वाचकाला परका वाटणार नाही.

त्याच ऑक्टोबरमध्ये आणखी दोन गोष्टी घडल्या. एक पत्रक निघाले, 'बँकवाल्यांचे हुजरे' म्हणून. त्यात एडमंटनच्या नऊ प्रतिष्ठितांची नावे होती आणि त्यांचा सफाया करा, असा मजकूर. नऊ जणांत विरोधी बाकांवरचे कॉन्झर्व्हेटिव्ह नेते डेव्हिड डगन हेही होते. पॉवेल आणि सरकार पक्षाचे प्रतोद जो अन्विन यांच्यावर फौजदारी अब्रुनुकसानीचा खटला झाला. अन्विन यांना तीन महिने सक्तमजुरी झाली. पॉवेल यांना सहा महिने, आणि नंतर हद्दपारी. डग्लस यांचा एक दूत असा तुरुंगातून मायदेशी गेला.

दुसरी गोष्ट जास्त मासलेवाईक. सत्तेवर येताच १९३६मध्ये या पक्षाने एक कायदा केला होता : मतदारसंघातल्या दोन तृतीयांश मतदारांनी सह्या केल्या तर आमदाराला घरी बसावे लागेल. लोकांचा लोकप्रतिनिधीवर ताबा हे सोशल क्रेडिटचे आवडते तत्त्व. ओकोटोक्स-हाय रिव्हरच्या मतदारांनी ते मनावर घेतले आणि खुद्द अ‍ॅबरहार्टांविरुद्ध सह्या गोळा केल्या. आकडा भरला. विधिमंडळाने तो कायदाच मागल्या तारखेपासून रद्द करून टाकला. मार्चमध्ये ताठ उभे राहिलेले आमदार इथे गप्प राहिले, कारण उद्या हीच पाळी त्यांच्यावर येणार होती.

४ मार्च १९३८ला सर्वोच्च न्यायालयाने राखून ठेवलेली तिन्ही विधेयके घटनाबाह्य ठरवली. वृत्तपत्रांच्या विधेयकापुरते सरन्यायाधीश लायमन डफ एक पाऊल पुढे गेले. संसदीय राज्यपद्धती चालायची तर सार्वजनिक प्रश्नांवर मोकळी चर्चा व्हायलाच हवी, आणि ती दाबून टाकणे प्रांताच्या अधिकारात बसत नाही, असे त्यांनी लिहिले. कॅनडाच्या घटनेत तेव्हा मूलभूत हक्कांची यादी नव्हती. ती १९८२मध्ये आली. तोवर वकील या मताचा आधार घेत राहिले. १९३८मध्येच वृत्तपत्रस्वातंत्र्याच्या लढ्याबद्दल 'एडमंटन जर्नल'ला पुलित्झर समितीने कांस्यफलक दिला आणि प्रांतातल्या इतर दैनिकांना व साप्ताहिकांना प्रशस्तिपत्रे. सरकारने त्या मे महिन्यात बोवेन यांच्या निवासस्थानाची वीज, टेलिफोन आणि उष्णतेची सोय तोडून त्यांना तिथून बाहेर काढले. एडमंटनमध्ये मे महिनाही थंड असतो.

एवढ्यावरून हे विधिमंडळ म्हणजे नुसता गोंधळ होता असे समजू नये. हजारो एकशिक्षकी शाळांचे चिमुकले विभाग एकत्र करून मोठे शाळा-विभाग करण्याचे काम शेतकरी सरकारला जमले नव्हते. मुख्याध्यापक मुख्यमंत्र्याने ते तडीस नेले. कर्जदार शेतकऱ्याला सावकारी जप्तीपासून आडोसा देणारे कायदे झाले, त्यांतले बरेच पुढे न्यायालयात टिकले नाहीत. बँकेचा परवाना मिळेना म्हणून १९३८मध्ये सरकारने स्वतःच्या कोषागाराच्या शाखा उघडल्या. पहिली रॉकी माउंटन हाउस या गावात. ती संस्था एटीबी या नावाने आजही चालते, आणि सर्वसाधारण बँकेसारखीच चालते.

२१ मार्च १९४०ला पुन्हा मतदान झाले. जागा आता ५७ होत्या. लिबरल आणि कॉन्झर्व्हेटिव्ह 'अपक्ष' म्हणून एकत्र लढले आणि त्यांचे १९ आले. सोशल क्रेडिटचे ३६. बहुमत राहिले, लाट ओसरली. ईडिथ रॉजर्स सभागृहात परतल्या नाहीत. अ‍ॅबरहार्ट मे १९४३मध्ये व्हँकुव्हरला वारले. मागून आलेल्या मॅनिंग यांनी डग्लसपंथीयांना हळूहळू दूर केले, १९४८मध्ये सोशल क्रेडिट मंडळ बरखास्त केले आणि १९६८पर्यंत सावध, उद्योगस्नेही राज्य केले. त्यांना १९४७ साली लेडकला लागलेल्या तेलाची साथ होती. नाव तेच ठेवून पक्ष १९७१पर्यंत सत्तेत राहिला, म्हणजे एकूण ३६ वर्षे. ज्या योजनेसाठी हा पक्ष जन्मला ती त्यांतल्या एकाही वर्षी अमलात आली नाही.

लाभांश मात्र एकदा खरोखर वाटला गेला. १९५७मध्ये मॅनिंग सरकारने तेल आणि वायूच्या स्वामित्वधनातून पात्र प्रौढ रहिवाशांना प्रत्येकी २० डॉलर दिले. महिन्याला नव्हे, वर्षाला. पुढच्या वर्षी साडेसतरा दिले. हे पैसे रस्त्यांना आणि दवाखान्यांना का लावत नाही, असे विरोधकांनी आणि वर्तमानपत्रांनी विचारले, आणि त्यानंतर वाटप बंद झाले.